पडद्यावरच्या चोराचं बोट

"समस्त ग्रामस्थ मंडळींस, पोलीस पाटलांस, तसेच घरात भांडून बसलेल्या नवराबायकांस अत्यंत गांभीर्याने कळविण्यात येते की, आज दिवेलागणीला या गावात एक अट्टल चोर दाखल होत आहे. तो डिटेक्टिव्हच्या वेषात येईल. स्वतः केलेल्या चोरीचा तपास तो स्वतःच करील. त्यास कोणीही पकडू नये. पकडल्यास खेळ बंद पडेल आणि तिकिटाचे पैसे परत मिळणार नाहीत. हुकुमावरून!"

कोणाच्या हुकुमावरून, हे मला कधी कोणी विचारलं नाही. अपवाद एकच. घोरावाडीजवळच्या एका वाडीत ही घोषणा करून मी तंबूकडे वळलो, तर मागून तिथले पोलीस पाटील धावत आले. डोक्याला पटका, हातात काठी, खांद्यावर दोरखंड.

"मास्तर, चोर कुठल्या वाटंनं येनार?"

"पाटील, तो पडद्यावर येणार."

"आन् पडद्यावरनं कुटं जानार?"

"डब्यात."

"मंग डबा ताब्यात द्या."

शेवटी त्यांना सगळ्यात पुढे बसवलं. दोरखंड मांडीवर घेऊन ते खेळभर बसले आणि सगळ्यांपेक्षा जास्त हसले. जाताना म्हणाले, "चोर लय ग्वाड हाय. असला आमच्या गावात पायजे."

हल्ली मी देहूरोडच्या लष्करी डेपोत कारकून आहे. लाकडी पेट्यांवर जे लिहिलेलं असतं ते मोठ्याने वाचायचं, आणि पलीकडचा माणूस ते उतरवून घेतो. सात वर्षं मी तेच करतो आहे आणि साहेब माझ्या आवाजावर खूश आहे. त्याला ठाऊक नाही की या आवाजाने पूर्वी राण्या रडवल्या आहेत, घोडे खिंकाळवले आहेत आणि एका कुत्र्याला दोन वेगवेगळ्या स्वभावांनी भुंकवलं आहे. पेटीत खिळे असले तरी मी ते जरा दुःखाने वाचतो. सवय.

तरुण वाचकांना सांगायला हवं. चित्रं मुकी होती तेव्हाची ही गोष्ट. पडद्यावर माणसं तोंड हलवत आणि मध्येच चित्र जाऊन काळ्या पाटीवर अक्षरं येत: राणी काय म्हणाली, चोर काय म्हणाला. पुण्यात ती अक्षरं लोक स्वतः वाचत. मावळात वाचणार कोण? म्हणून तंबूत एक माणूस ठेवायचे. तो मी. पडद्याच्या कडेला रॉकेलच्या उपड्या खोक्यावर उभं राहायचं आणि सगळ्यांचं बोलणं आपण बोलायचं. लोक मला मास्तर म्हणत. मी कोणत्याही शाळेचा मास्तर नव्हतो; मराठी सातवीच्या परीक्षेत दोनदा नापास झालेला, लोणावळ्याच्या एका बंगल्याच्या माळ्याचा मुलगा होतो. पण दाताखाली लवंग आणि गालात खडीसाखर धरली, की माझ्या गळ्यातून कोण बाहेर येईल याचा मलाही भरवसा नसे.

आमचा पडदा तंबूच्या टोकाला नव्हे, मधोमध असे. पुढच्या बाजूला पुरुष, मागच्या बाजूला बायका. खेळाआधी पडद्यावर पाणी मारून तो चिंब भिजवायचा, म्हणजे उजेड आरपार जातो आणि चित्र दोन्हीकडून दिसतं. बायकांना ते उलटं दिसे. चोर पुरुषांच्या बाजूने डावखुरा असला तर बायकांच्या बाजूने उजवा. यावरून नवराबायकोत घरी गेल्यावर कडाक्याची भांडणं झालेली मला ठाऊक आहेत. आणि मी कडेला उभा. सगळ्या तंबूत पडद्याच्या दोन्ही बाजू दिसणारा मी एकटाच. हे लक्षात ठेवा. मी ते लक्षात ठेवलं नाही.

यंत्र फिरवायला हुसेनभाई. रेल्वेच्या लोकोशेडमध्ये आयुष्य काढलेला माणूस; डाव्या हाताची दोन बोटं तिथेच ठेवून आला होता. यंत्र हाताने फिरवायचं, उजेड कार्बाइडच्या गॅसचा. फिरवण्यात त्याची कला होती. पाठलाग आला की भराभर, राणी मरायला लागली की सावकाश. एकदा कामशेतला त्याचं आणि तंबूच्या मालकाचं वाजलं होतं, त्या संध्याकाळी राणी इतक्या झटपट मेली की मला तिची शेवटची इच्छासुद्धा सांगायला मिळाली नाही.

आता चित्राविषयी. मालकाने ते मुंबईहून जुन्यात आणलं होतं. डब्यावरचं नाव पुसून गेलेलं. आम्ही त्याला नुसतं "चोर" म्हणायचो. गोष्ट अशी: एक चोर राणीचा हार चोरतो. शिपाई मागे लागतात. तो एका वाड्यात शिरतो, खुंटीवर टांगलेला लांब कोट अंगात घालतो, टोपी चढवतो, खिशात सापडलेलं भिंग डोळ्याला लावतो. तोच आतून राणी येते आणि म्हणते, "आलात! आम्ही तुमचीच वाट पाहत होतो." तो कोट एका बड्या डिटेक्टिव्हचा असतो. झालं. आता बिचाऱ्याला स्वतःचाच माग काढावा लागतो. मातीत उमटलेलं स्वतःचं पाऊल तो भिंगाने बघतो, फीत लावून मोजतो, मग हळूच आपला बूट त्यावर ठेवून बघतो. बरोबर बसल्यावर तो जो चेहरा करायचा, त्यावर तंबू हलायचा. कान्ह्याकडच्या एका भातवाल्या म्हाताऱ्याला मात्र त्यात हसण्यासारखं काही दिसलं नाही. तो उठून ओरडला होता, "आरं, खाचरातनं बूट घालून चालतोयास! रोपं तुडवलीस की मेल्या!" तो ओला चिखल आणि ते भाताचं खाचर, त्याच्या लेखी एकच होतं.

शेवटी डिटेक्टिव्ह सगळ्यांना दिवाणखान्यात जमवतो, एकेकाकडे बघतो, आणि मग वळून थेट समोर बोट रोखतो. समोर म्हणजे आपल्याकडे. चित्रातल्या बोटाची एक गंमत आहे. ते समोर रोखलेलं असलं, की बघणारा कुठेही बसलेला असो, त्याला ते आपल्याकडेच वाटतं. डावीकडच्याला, उजवीकडच्याला, पडद्यापुढच्याला आणि मागच्यालाही. पुढच्याच क्षणी त्याच्या बाहीतून हार खाली पडतो आणि पळापळ सुरू होते.

पाटीवर तिथे एवढंच लिहिलेलं होतं: "चोर इथेच आहे!" पण मी पाटीवर समाधान मानणारा गडी नव्हतो. माझी युक्ती अशी, की प्रत्येक गावात पोचलो की आधी न्हाव्यापुढे बसायचं. गावाची सगळी खबर त्याच्या वस्तऱ्यावर असते. हंगामात माझी दाढी इतक्यांदा व्हायची की कातडी गाजरासारखी दिसे. कोणाची म्हैस कोणी परस्पर पिळते, कोणाच्या परड्यातला भोपळा कुठे गेला, हे घेऊन यायचं आणि ते बोट रोखलं गेलं की डिटेक्टिव्हच्या तोंडी टाकायचं. "भोपळा नेणारा इथेच बसला आहे! तो घरी गेल्यावर आरशात दिसेल!" हुसेनभाई तिथे हात अगदी सावकाश करायचा, माझं वाक्य संपेपर्यंत बोट पडद्यावर धरून ठेवायचा. फार हळू केलं तर गॅसच्या आचेने फीत पेटते, म्हणून तेवढंच, जपून. लोक लोळायचे. साहेबी कोटातल्या माणसाला आपल्या गावचा भोपळा ठाऊक आहे, याहून मोठी गंमत त्यांनी पाहिली नव्हती. मालक म्हणे, "मास्तर, चित्र एका मजल्याचं, दुसरा मजला तुमचा." मी फुगायचो.

असेच आम्ही एका मार्गशीर्षात आंदर मावळातल्या एका गावी गेलो. गावाचं नाव लिहीत नाही. भात झोडून झालं होतं, लोक मोकळे होते. नेहमीप्रमाणे मी पिंपळाखाली न्हाव्यापुढे बसलो.

"काय नवीन?"

"नवीन काय, दौलतआबाच्या घरचा देव गेला की."

"म्हणजे?"

"टाक वो. खंडोबाचा. नवरात्राच्या आदल्या दिशी सासू-सून नदीवर गेल्या देव उजळाया. पाच नेलं. घरी पाटावर मांडलं तर चार."

टाक म्हणजे चांदीच्या पत्र्यावर उठवलेली देवाची मूर्ती. दोन बोटांएवढी असते, पण घराण्याचा सगळा कुळाचार तिच्यावर. दरसाल चिंच-राख लावून ती घासायची आणि मग पूजायची. तो गेला म्हणजे त्या घराला अन्न गोड लागू नये.

"मग कोणी नेला?"

"आता कुनाचं नाव घ्यावं." न्हाव्याने वस्तरा पुसला. "गाल फुगवा."

मी गाल फुगवला. पुढे विचारायला हवं होतं. पण मला जे पाहिजे होतं ते मिळालं होतं: सगळ्या गावाला ठाऊक असलेली एक चोरी. भोपळ्यापेक्षा देव कितीतरी मोठा. मी खूश होऊन तंबूवर आलो आणि हुसेनभाईला म्हणालो, "आज बोट जरा जास्त धर."

तो म्हणाला, "धरतो. फीत जली तर तुमची चामडी लावीन."

तंबू खच्चून भरला होता. बूट मातीत बसला, लोक हसले. राणी रुसली, मी बायकी आवाजात रुसलो, लोक आणखी हसले. मग तो वळला. बोट रोखलं. हुसेनभाईचा हात मंदावला. मी छाती भरून घेतली आणि डिटेक्टिव्हच्या खर्जातल्या आवाजात गरजलो:

"या गावचा देव चोरणारा या तंबूत बसला आहे! माझं बोट त्याच्याकडेच आहे! हलू नकोस, चोरा!"

पुढच्या बाजूला हास्याचा कल्लोळ झाला. मागच्या बाजूला बायकांच्या घोळक्यातून एक पोर ताडकन उठली. अठरा-एकोणीस वर्षांची असेल. पदर डोक्यावरून घसरला होता. ती त्या बोटाकडे बघत होती, दोन्ही हात पुढे करून, कोणी मारायला आल्यासारखे.

"म्या न्हाई घेतला! आयच्यान म्या न्हाई!"

आणि ती पळाली. तंबूच्या दोरात पाय अडकून पडली, उठली, अंधारात गेली. ती गोदा. दौलतआबांची सून. लग्न होऊन एक वर्ष झालेलं.

मी दोन्ही बाजू बघत होतो, असं मघाशी म्हणालो. पुढच्या बाजूचं हसू एकदम बंद झालं ते मला दिसलं. मागच्या बाजूला, गोदा उठली त्या जागेच्या शेजारी, एक पोक्त बाई खाली मान घालून बसलेली दिसली. सगळ्या तंबूत पडद्याकडे न बघणारी तेवढी एकच. तिने पदराचा बोळा करून तोंडात धरला होता. मला वाटलं, सुनेची लाज वाटली असेल. ती राहीबाई, गोदाची सासू. एवढं बघून मी पुढचं वाक्य घेतलं, कारण पडद्यावर हार पडला होता आणि पळापळ सुरू झाली होती. त्या पळापळीला त्या दिवशी कोणी हसलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही तंबू उतरवत होतो. दौलतआबा आले. हातात नारळ.

"मास्तर, हे तुमच्या सायबाला द्या."

"कोणत्या साहेबाला?"

"त्या टोपीवाल्या. दोन महिनं घरात नुसता वहीम व्हता, त्यानं एका बोटात निवाडा केला. पोरीला पहाटंच माहेरी धाडली."

मी म्हणालो, "आबा, तो साहेब नाही. तो मुंबईचा नट आहे. आणि गोष्टीत तर तो स्वतःच चोर आहे! त्याला तुमचं गाव माहीत नाही."

"मंग टाकाचं कसं ठाव झालं त्याला?"

"ते मी बोललो."

"तुमाला कसं ठाव?"

"न्हाव्याने सांगितलं."

"न्हाव्यानं तुमाला गोदाचं नाव सांगितलं?"

"नाही."

"तुमी त्या सायबाला सांगितलं?"

"नाही हो!"

"मंग त्यानं वळखलं कसं?" आबा शांतपणे म्हणाले. "तंबूत एवढ्या बाया. उठली कोन? तीच. चोर आसल्याबिगर कोन उठंल?"

याच्यावर उत्तर होतं. त्यांच्याबरोबर घरी जायचं, सगळ्यांना बसवायचं, हुसेनभाईला यंत्र लावायला सांगायचं, एकेकाला जागा बदलून ते बोट दाखवायचं. अर्ध्या दिवसाचं काम. पण मालक बैलगाडीवरून ओरडत होता, पुढच्या गावी जत्रा होती. मी नारळ घेतला. हेच ते. मी नारळ घेतला. दुपारी वाटेत तो फोडला आणि आम्ही खाल्ला. हुसेनभाईने हातही लावला नाही.

गोदा मला पुन्हा एकदाच भेटली. पुढच्या उन्हाळ्यात, लोणावळ्याच्या बाजारात. मालकाच्या बैलांसाठी गवत घ्यायला गेलो होतो. भारे घेऊन बायका रांगेने बसल्या होत्या.

"हा भारा कसा दिला ग बाई?"

तिने वर न बघता भाव सांगितला, आणि मग एकदम वर बघितलं.

"तुमी त्ये तंबूतलं मास्तर न्हवं?"

"हो. कसं ओळखलंस?"

"आवाजानं. तोंड कुटं बगितलं व्हतं? अंधार व्हता." ती उठून उभी राहिली. "म्या गोदा. देव चोरनारी."

मी तिथेच, त्या गवतात, तिच्यासमोर बसलो. सगळं सांगितलं. नट, पडदा, न्हावी, भोपळे. भाऱ्यातली एक काडी घेऊन तिच्याकडे रोखली आणि चित्रातलं बोट कसं सगळ्यांना आपल्याकडेच दिसतं ते समजावलं. "तुझ्या शेजारणीलाही ते तिच्याकडेच दिसलं असणार, गोदा. पलीकडच्या पुरुषांनाही."

तिने नीट ऐकून घेतलं.

"मंग बाकीचं का न्हाई उठलं?"

मी ती काडी खाली ठेवली.

तीच म्हणाली, "त्यांना दोन महिनं घरात कुनी 'चोर' म्हनत न्हवतं."

मी म्हणालो, "तुझ्या सासऱ्यांना मी पत्र लिहितो."

"वाचनार कोन? आन् वाचून काय हुतंय? तुमी समद्या गावाम्होरं बोलला. गावाम्होरंच सांगा. त्याच खोक्यावर हुबं राहून, त्याच आवाजात. म्हंजी आमचं धनी न्यायला येत्याल. त्यांचा राग न्हाई माज्यावर. गावाला भ्यात्यात."

"सांगेन. पुढल्या हंगामात तंबू तिथे लागला की सांगेन. शपथ."

"तुमच्या शपथेचं काय वो मास्तर," ती एकदम हसली, "तुमी तर राणीच्या बी शपथा घेता!"

किती छान हसली. माझ्या सगळ्या कारकिर्दीत, एका माणसाचं एक हसू मला निवडायला सांगितलं तर मी ते निवडीन.

पुढल्या हंगामात मालकाने त्या गावाचं नाव काढू दिलं नाही. "तिथं मागं बोभाटा झालाय. नको." मी भांडलो, पण भांडलो म्हणजे किती? नोकरी सोडण्याइतका नाही. आणि आणखी एक लिहायलाच हवं. इतर गावांत मी ती युक्ती सोडली नाही. भोपळे, म्हशी, कोंबड्या. बोट रोखलं गेलं की मी बोलायचो आणि लोक लोळायचे. फक्त आधी न्हाव्याला एक प्रश्न जास्त विचारायचो: "कोणाच्या सुनेवर वहीम नाही ना?" मला वाटायचं, एवढं पुरे आहे.

तो हंगाम संपला, आणि पुढच्या दिवाळीनंतर मी गवताच्या बाजारात गेलो. तिच्या जागी दुसरी बाई होती.

"गोदा येत नाही का हल्ली?"

"ती व्हय? गेली की. भादव्यात. ताप आलता."

"घरच्यांनी नेली होती का तिला? सासरच्यांनी?"

"कुटलं. वाट बगत व्हती. पडून पडून ईचारायची, आंदर मावळात तंबू लागला का बगा. आमी म्हनायचो, हिला तापात तमाशा आठिवतोय."

मग बोलपट आले. पुण्यात माणसं पडद्यावर स्वतःच बोलायला आणि गायला लागली, आणि माझ्यासारख्याची गरज संपली. मालक म्हणाला, एक शेवटचा हंगाम करू, बोलपट जिथे पोचला नाही ती सगळी गावं घेऊ. त्यात ते गाव आलं. या वेळी त्यानेच नाव काढलं. बोभाटा झालेला तो विसरला होता.

मी न्हाव्यापुढे बसलो, पण दाढी करायला नव्हे.

"दौलतआबाच्या घरी काय?"

"बरं हाय. आबाच्या पोरानं, किसननं, दुसरी क्येली. म्हातारी राहीबाई जरा भ्रमिष्ट झालीया. नदीवर म्हून जात न्हाई. देव बी परातीत, घरच्या पान्यानं उजळती. दार लावून."

"आज येईल का ती खेळाला?"

"समदं गाव येनार. तिला बी आनत्याल. गाल फुगवा."

"नको," मी म्हणालो आणि उठलो.

दुपारभर मी नदीकाठी वाक्य पाठ करत होतो. लांब नव्हतं. "मंडळी, थांबा. हे बोट कोणाकडेच नाही. तीन वर्षांमागे मी मास्तर खोटं बोललो. गोदा चोर नव्हती." चार छोटी वाक्यं. मी एका दमात वीस वाक्यं बोलणारा माणूस.

तंबू पूर्वीसारखाच भरला. पडदा मीच भिजवला. खोक्यावर चढलो. फीत आता जुनी झाली होती, चोराच्या अंगावर पावसासारख्या रेघा पडत होत्या. बूट मातीत बसला, लोक हसले. पुढे बसलेले दौलतआबाही हसले. त्यांच्याशेजारी किसन. मागच्या बाजूला, त्याच ठिकाणी, राहीबाई. केस सगळे पांढरे झालेले.

तो वळला. बोट रोखलं. सवयीने हुसेनभाईचा हात मंदावला.

मी तोंड उघडलं. "मंडळी," एवढं आलं असावं. बहुतेक तेही कोणाला ऐकू गेलं नसेल. लवंग दाताखाली तशीच, खडीसाखर गालात तशीच, आणि आत काही नाही. राणीचा आवाज नाही, चोराचा नाही, माझाही नाही. तिने सांगितलं होतं, त्याच आवाजात सांगा. तो आवाज कुठल्या कुठे गेला होता. मी फक्त दोन्ही बाजूंना बघत राहिलो. हुसेनभाई माझ्या वाक्याची वाट बघत होता आणि माझं वाक्य येत नव्हतं, म्हणून तो बोट सोडत नव्हता. फितीचा वास येऊ लागला. तंबूत इतकी शांतता झाली की यंत्राच्या दात्यांचा एकेक टक ऐकू यावा. ओल्या पडद्यातून ते बोट दोन्हीकडे सारखंच दिसत होतं, पुरुषांना आणि बायकांना, आणि या वेळी त्याच्यावर कोणीच काही बोलत नव्हतं.

राहीबाई वर बघत होती. मागच्या वेळी जी बघायचं टाळत होती ती या वेळी एकटक बघत होती. मग ती गुडघ्यांवर हात देऊन उठली, शेजारणीने ओढलेला पदर तिने सोडवून घेतला, आणि सगळ्या गावाला ऐकू जाईल अशा आवाजात त्या चोराला म्हणाली:

"ती न्हाई रं, ती न्हाई! देव माज्या हातनं नदीत निसटला! आता तरी बोट खाली घे, बाबा!"